मथरामायच्या किल्ल्या

यंदा दसरा झाला, टोळ्या निघाल्या आणि आमच्या गल्लीतलं एकेक दार कुलूप लावून बंद झालं. त्यात नवीन काही नाही. आमचं गाव चकलांब्याच्या पुढं, जरा आडवळणाला. दिवाळीच्या तोंडावर निम्मं गाव ऊसतोडीला जातं ते पार पाडव्याच्या सुमाराला परत येतं. यंदा वेगळं एवढंच झालं, की कुलूप लावल्यावर प्रत्येकीनं किल्ली आपापल्या पिशवीत टाकली आणि ट्रॅक्टरवर चढली. कुणी कुणाकडे किल्ली ठेवली नाही. सुगंधा म्हणजे आमच्या गल्लीतली सगळ्यात तोंडाळ बाई, पण तीसुद्धा माझ्या गिरणीवरून जाताना मान खाली घालून गेली. मीही नको तेवढा वेळ चाळणी झाडत बसले. ट्रॅक्टर गेल्यावर गल्लीकडं पाहिलं. कुणाच्या दारापुढं सडा नाही, झाडलोट नाही. मला मथरामायची आठवण आली आणि लाज वाटली. तशी ती मधूनमधून वाटतेच, त्या दिवशी जरा जास्त वाटली.

मथराबाई हे तिचं नाव. पण लहानथोर सगळे तिला मथरामायच म्हणायचे. गल्लीच्या तोंडाशी डाव्या हाताला माझी गिरणी आणि समोर तिचं घर. पत्र्याच्या दोन खोल्या, पुढं सारवलेलं अंगण, कोपऱ्यात सदाफुलीची दोन झाडं. नवरा जाऊन बरीच वर्षं झालेली. एकुलता एक मुलगा भीमा, तो चाकणला कंपनीत. म्हणजे घरात ही एकटीच. माझं माहेर अंबाजोगाईचं. लग्न होऊन इथं आले तेव्हा मला वाटायचं, एकटं राहणारं माणूस म्हणजे सदा रडतखडत, नाहीतर सदा दुसऱ्याच्या ओट्यावर. मथरामाय दोन्हीतली नव्हती. तिला फक्त लाज वाटायची. कशाचीही वाटायची. खोकला आला तरी तोंडाला पदर लावून "लाजंनं मेले बाई" म्हणायची. मी तिला चिडवायचे, "माय, तू लाजंनं किती वेळा मेलीस गं?" तर त्याचीही लाज वाटून हसायची.

दळण आणायची तेही गिरणीवर कुणी नसताना. तिच्या अंगणातून गिरणीचा ओटा दिसतो. ती तिथं जवारी निवडत बसायची आणि शेवटचं गिऱ्हाईक गेलं, की डबा घेऊन रस्ता ओलांडायची. डबा केवढा, तर एकीच्या आठवड्याचा. त्यावर फडकं झाकलेलं.

"एवढंच हाय गं. गिरनी चालू करायला सांगायची लाज वाटती."

"मग नको करू?"

"कर की. खायाला तर लागतं."

गिरणीत एक गोष्ट होतेच. आधीच्या माणसाचं थोडं पीठ दगडात राहतं, ते पुढच्याच्या डब्यात उतरतं. पुढच्याचं राहिलेलं त्याच्या पुढच्याच्या. कुणी मनावर घेत नाही. मथरामाय घ्यायची. डबा घरी नेऊन वजनाचा अंदाज घ्यायची आणि कधी कधी मूठभर पीठ कागदात बांधून परत आणायची. "ह्ये माझं न्हाई. माझ्या आदी कुनाचं दळन होतं?" मी कपाळाला हात लावायचे. बाई, त्या मुठीची भाकरीसुद्धा होत नाही. पण तिला ते गळ्याखाली उतरायचंच नाही. शेवटी मी ते पीठ घ्यायचे आणि ती गेली, की माझ्या परातीत टाकायचे. ती मूठ खरं म्हणजे कुणाचीच नसायची.

दुसऱ्यासमोर ती जेवायचीही नाही. एकदा दुपारी मी तिच्याकडे गेले, आळूची पानं मागायला. दार नुसतं लोटलेलं होतं. मी आत पाऊल टाकलं तशी तिनं पुढ्यातलं ताट झटक्यात डालीखाली सरकवलं. कोंबडी झाकायच्या डालीखाली! आणि तोंडातला घास तसाच ठेवून गालाला हात लावून बसली. मी पण अशी खट, मुद्दाम ठाण मांडून बसले. म्हटलं, बघू किती वेळ. इकडचं तिकडचं विचारलं, सासूच्या गुडघ्याचं सांगितलं, आळूचं सांगितलं. ती "व्हय", "न्हाई" करत राहिली. डालीखालून वरणाचा वास येत होता. आधी माझीच पंचाईत झाली. मी उठले.

"माय, मी काय घास मोजणार होते का तुझे?"

"तसं न्हाई गं. एकल्याचं जेवन कुनी बघू न्हाई. चोरून खाल्ल्यावानी वाटतं."

मग तिनं सांगितलं. नवऱ्याबरोबर ती जन्मभर ऊस तोडायला गेली. तिथं कारखान्याच्या मैदानात पाचटाच्या कोप्या, म्हणजे झोपड्या, एकमेकींना चिकटून. घास घ्यायच्या आधी शेजारच्या कोपीकडं तोंड करून "या जेवाया" म्हणायचंच. कुणी येत नाही, प्रत्येकीची चूल पेटलेलीच असते. पण म्हणायचं. न म्हणता खाल्लं, तर लपवून खाल्ल्यासारखं. पुढं नवरा गेला. टोळीत नवरा-बायको मिळून एक कोयता धरतात. ही एकटी म्हणजे अर्धा कोयता. मुकादमानं अर्धा कोयता घेतला नाही. टोळी गेली आणि ही मागं राहिली. ते ती फार सांगायची नाही. तेवढं बोलून ती आळूची पानं आणायला उठली.

त्याच वर्षी गल्लीनं तिच्या हातात किल्ल्या दिल्या.

मला वाटतं, कुणी फार विचार करून दिल्या नसतील. मागं राहणारं कुणीतरी हवंच होतं. पण मथरामायनं ते काम असं धरलं, की जणू तिला पाटीलकी मिळाली. परकराच्या जुन्या नाड्यात सगळ्या किल्ल्या ओवून तिनं कमरेला बांधल्या. कुठली कुणाची हे कळायला प्रत्येक किल्लीला खूण. सुगंधाच्या किल्लीला बांगडीचा तुकडा, आश्रुबाच्या घरच्या किल्लीला शर्टाची गुंडी, कुणाच्या किल्लीला लुगड्याचा काठ, एकीला बैलाच्या गळ्यातलं फुटकं घुंगरू. चालायला लागली, की छुमछुम वाजायचं. माझी सासू म्हणायची, "आली बघा नवरी."

सकाळी उठून प्रत्येक बंद दारापुढं झाडायची, सडा टाकायची. सांजेला प्रत्येक उंबऱ्यावर पणती. ज्यांच्या कोंबड्या मागं राहिल्यात त्यांच्या घरात जाऊन दाणे टाकायचे, अवसेला दार उघडून घराला वारा द्यायचा. मी एकदा विचारलं, "माणूस नाही घरात, सडा कशाला?" तर माझ्याकडं अशी बघितली, जणू मीच काहीतरी वंगाळ बोलले.

"मानूस न्हाई म्हनून उंबऱ्यानं तसंच पारोसं ऱ्हायाचं का?"

दुपारच्या वेळी कारखान्यावरून फोन यायचे. तिचा तो बटणाचा फोन. ती ओरडून बोलायची म्हणून अख्ख्या गल्लीला, म्हणजे मला आणि माझ्या सासूला, सगळं ऐकू यायचं. "सुगंधे, तुझी तांबडी कोंबडी खुडूक बसली गं! ... आश्रुबाला सांग, पत्रा वाजत हुता, म्या दगूड ठिवला!" जेवायला बसायच्या आधी मात्र आवाज एकदम बारीक व्हायचा. दार ओढून घ्यायच्या आधी ती गल्लीकडं तोंड करून, त्या कुलपं लावलेल्या दारांना, हळूच म्हणायची, "या जेवाया." मी एकदाच ऐकलं. तिला चिडवायला माझ्याकडं पुष्कळ होतं, पण त्यावरून कधी चिडवलं नाही.

भीमा तिला न्यायला यायचा. पोरगा वाईट नव्हता, उगाच दोष देणार नाही. एकदा बळंच घेऊन गेला. महिनाही झाला नसेल, ही एसटीतून उतरली, पिशवी ओट्यावर ठेवली आणि पहिल्यांदा नाडा कमरेला बांधला.

"का गं परत आलीस माय? सून भांडली का?"

"न्हाई बाई, लई गुनाची हाय. दोगंबी कामाला जात्यात. जाताना भाईरून कुलूप लावत्यात, मला उघडता येत न्हाई म्हनून." मग जरा हसली. "हितं समद्या गल्लीच्या किल्ल्या माझ्याजवळ, आन् तितं म्याच कुलपात."

तिचे डोळे कधीपासून गेले ते मला सांगता येणार नाही. तिनं कुणाला कळूच दिलं नाही. दळणाला आली, की पिठात दोन बोटं फिरवून बघायला लागली. मला वाटलं, बारीक झालंय का पाहते. कुणी आलं, की "बोल" म्हणायची आणि आवाज ऐकून मग नाव घ्यायची. एकदा उन्हात माझ्यासमोर उभी होती तेव्हा दिसलं, दोन्ही बुबुळांवर साय धरलेली. मी म्हटलं, अंबाजोगाईला सरकारी दवाखान्यात ऑपरेशन होतं, माझ्या माहेरी राहा, माझी आई करील तुझं. तर म्हणाली, टोळ्या येऊ दे. टोळ्या आल्या, तर म्हणाली, आता ऊन लई हाय. मी जास्तच मागं लागले तेव्हा माझा हात धरून तिनं खरं काय ते सांगितलं.

"मथरीला दिसत न्हाई म्हनल्यावर किल्ली कोन दील गं? न्हाई दिली कुनी, तर म्या काय करू दिवसभर?"

हे तिनं अगदी सरळ सांगितलं. मी विषय सोडून दिला.

मग ते कोंबड्यांचं झालं. सुगंधानं जाताना सांगून ठेवलं होतं, घरात दोन पिशव्या आहेत. एकीत कोंबड्यांची बाजरी, दुसरीत बियाणाची उरलेली. बियाणाला औषध चोळलेलं असतं, दाणा गुलाबी दिसतो. "गुलाबीला हात लावू नका, माय." पण पिशव्या दोन्ही एकाच खताच्या पोत्यातून शिवलेल्या, हाताला सारख्याच. आणि दाणा दाण्यासारखा. सकाळी मथरामायनं पदर भरून दाणे टाकले, दुपारी कोंबड्या माना टाकून पडल्या. मी धावत गेले तेव्हा ती अंगणात बसली होती, तांबडी कोंबडी मांडीवर घेऊन. तिनं मुठीत थोडी बाजरी धरली होती, ती माझ्यापुढं उघडली.

"कोन्त्या रंगाचं हाय गं?"

मला खोटं बोलायला हवं होतं, पण तोंडातून खरं गेलं. "गुलाबी."

तिनं कुणाच्या सांगण्याची वाट पाहिली नाही. स्वतःहून मला सुगंधाला फोन लावायला लावला. "सुगंधे, तुझ्या कोंबड्या म्या मारल्या गं. माझ्या हातानं मारल्या." पलीकडून सुगंधा, तीच तोंडाळ सुगंधा, हसल्यासारखं करून म्हणाली, "गप बस माय, कोंबड्याला रोग आलाय. हितं बी मरायल्यात." मथरामायनं मांडीवरची कोंबडी खाली ठेवली. "व्हय का?" म्हणाली. त्यानंतर बरेच दिवस ती दळणाला आली नाही. शेवटी मीच डबा मागून आणला.

सुगंधा ते चांगुलपणानं बोलली होती. पण पुढचं सगळं त्या चांगुलपणातूनच झालं.

पुढच्या दसऱ्याला निघायच्या आधी बायका माझ्या गिरणीच्या ओट्यावर जमल्या. दळणं तर होतीच, पण बोलणं दुसरंच होतं.

"मायला आता काय दिसत न्हाई," आश्रुबाची बायको म्हणाली. "घरात पनती घेऊन गेली आन् पेटलं म्हंजी?"

"मग किल्ली देऊ नका," मी म्हटलं.

"आन् तिला सांगायचं कुनी? तू सांगतीस का?"

मी कशाला सांगते.

सुगंधानंच तोड काढली. प्रत्येकीच्या घरात हरवलेल्या कुलपांच्या जुन्या किल्ल्या पडलेल्या असतात, त्यातली एकेक मायला द्यायची. खूण तीच बांधायची. खऱ्या किल्ल्या गिरणीत ठेवायच्या. माय दाराबाहेर सडा टाकील, पणती लावील, तिचं मन राहील. आत जायचं कामच पडू द्यायचं नाही. सांगायचं, उंदरांसाठी औषध टाकलंय, दार उघडू नको. हे ऐकून सगळ्यांचा जीव भांड्यात पडला. कुणाचं मन मोडायला नको, कुणाचं घर पेटायला नको. सुगंधानं तिथंच बसून आपल्या खऱ्या किल्लीचा बांगडीचा तुकडा सोडला आणि एका गंजक्या किल्लीला बांधला. आम्हाला वाटलं, आपण किती चांगल्या बाया आहोत. मी बिस्किटांचा रिकामा डबा काढून दिला. त्यात खऱ्या किल्ल्या पडल्या आणि डबा पोत्यांच्या मागं गेला.

संध्याकाळी मथरामायनं दारोदार जाऊन किल्ल्या घेतल्या. प्रत्येक किल्ली हातात आली, की खुणेवर बोट फिरवायची आणि म्हणायची, "निवांत जा. घराची काळजी करू नका." आणि त्या म्हणायच्या, "तू हाईस म्हनून जातो बघ, माय."

हिवाळाभर तिचा नाडा छुमछुम वाजत राहिला. झाडलोट, सडा, पणती. रस्ता तिच्या पायांना पाठ होता. माझ्याही मनाला ते हळूहळू बरंच वाटायला लागलं होतं.

मग एक दिवस नळाला पाणी आलं. आमच्याकडं नळ येतो तेव्हा येतो. सुगंधाच्या मोरीतला नळ जाताना उघडाच राहिला होता, कोरडा होता म्हणून कुणाच्या लक्षात आलं नाही. दुपारी तिच्या दाराखालून पाणी गल्लीत यायला लागलं. माझी गिरणी चालू, मला काही ऐकू आलं नाही. पट्टा बंद केला, ओट्यावर आले तर मथरामाय सुगंधाच्या उंबऱ्यात बसलेली. लुगडं गुडघ्यापर्यंत भिजलेलं. पाणी मांडीखालून वाहतंय आणि ही दोन्ही हातांनी कुलूप धरून किल्ली फिरवतेय, काढतेय, पुसतेय, परत घालतेय. किती वेळ बसली होती देव जाणे. बोटाचं कातडं सोललं होतं.

मला बघून, म्हणजे माझं पाऊल ऐकून, रडकुंडीला आली.

"गिरनीवाले, माझ्या हाताला काय झालंय गं? ह्येच कुलूप म्या किती साल उघडलं. आता मला उघडंना. समदं धान भिजंल तिचं. लाजंनं मेले गं मी."

त्या दिवशी तिनं लाजंनं मेले म्हटलं, त्याचं मला हसू आलं नाही. मी म्हटलं, "माय, तू आधी घरी जाऊन लुगडं बदल. मी बघते." ती उठली, भिंतीला हात लावत गेली. मी पळत जाऊन पोत्यांमागचा डबा काढला, किल्ली आणली, दार उघडलं, नळ बंद केला. धान्याची पोती फळीवर होती, वाचली. खराट्यानं पाणी बाहेर काढलं आणि कुलूप लावून वळले तर मथरामाय गल्लीतच उभी. घरी गेलीच नव्हती.

"उघडलं?"

"हो. किल्ली गंजली होती, माय. जरा तेल घातलं, लगेच लागली."

तिचा हात कमरेला गेला. नाड्यावर फिरला. बांगडीच्या तुकड्यापाशी जरा थांबला.

"बरं झालं," ती म्हणाली. "माझ्या हातात आता जोर न्हाई ऱ्हायला."

आणि भिजलेल्या लुगड्यानं घरी गेली. मी गिरणीत आले, किल्ली डब्यात टाकायला लागले तेव्हा माझ्या ध्यानात आलं. नाडा तिच्या कमरेला होता. सुगंधाची किल्ली, तिच्या हिशोबानं एकुलती एक, मी दार उघडलं तेव्हा तिच्याच कमरेला होती. मग मी तेल कशाला घातलं? दार कशानं उघडलं? इतकी ढळढळीत थाप मारली मी, आणि तीही त्या बाईला, जिला दिसत नाही म्हणून मी निर्धास्त होते.

तिला कळलं असेल की नाही, हे मी स्वतःला रोज विचारायचे. कारण दुसऱ्या दिवशी ती नेहमीसारखीच आली. नेहमीसारखा सडा टाकला. नाडा नेहमीसारखा वाजला. एवढंच की प्रत्येक दारापुढं ती जरा जास्त थांबायला लागली, दाराला चिकटून, माझ्याकडं पाठ करून. थकली असेल असं मी म्हणायचे. मला तसंच म्हणायचं होतं. सुगंधाला फोन करून सांगावं असं रोज वाटायचं. नाही केला. फोन सुगंधाचा मथरामायला यायचा आणि ती पूर्वीसारखीच ओरडून सांगायची, "समदं ठीक हाय गं! घराची काळजी करू नको!"

पाडव्याच्या आधी टोळी परत आली. आमच्याकडं याची एक रीत आहे, म्हणजे मथरामायनंच ती पाडली होती. ट्रॅक्टर आला, की ती चांगलं लुगडं नेसून गल्लीत उभी. प्रत्येक घरची बाई तिच्या हातून किल्ली घेणार, दार उघडणार, पहिलं पाऊल मथरामाय आत टाकणार. मग घरची बाई कारखान्याच्या भागातून आणलेला गुळाचा खडा तिच्या हातावर ठेवणार. तो गूळ म्हणजे घर राखल्याचा. ती वर्षभर पुरवून खायची.

त्या दिवशी ट्रॅक्टर गल्लीत आधी गेला नाही. माझ्या गिरणीपाशी थांबला. बायका एकेक उतरल्या, काही न बोलता डब्यातून आपापली किल्ली घेतली, कुणी चोळीत घातली, कुणी पदराच्या टोकाला. समोर मथरामाय तिच्या अंगणात उभी होती, चांगलं लुगडं नेसून, तोंड रस्त्याकडं. दिसत नसलं तरी ट्रॅक्टर कुठं थांबला हे ऐकायला येतच की. किती वेळ थांबला, तेही.

सुगंधा मायला घेऊन आपल्या दाराकडं गेली. मीही मागं गेले, राहवेना म्हणून. मथरामायनं नाडा सोडला, बांगडीचा तुकडा चाचपला आणि ती गंजकी किल्ली सुगंधाच्या हातात ठेवली.

"घे. समदं ठीक हाय."

सुगंधानं ती उजव्या हातात घेतली. खरी डाव्या मुठीत. आता अदलाबदल करायची होती आणि मथरामाय हातभर अंतरावर, तोंड कुलपाकडं करून उभी, दरवर्षी उभी राहायची तशी. सुगंधाच्या बांगड्या वाजल्या. ती थांबली. परत हात हलवला, परत बांगड्या वाजल्या. चार पोरं सांभाळून ऊस तोडणारी ती बाई घामाघूम झाली.

तेव्हा मथरामाय वळली. दाराकडं तिनं पाठ केली, पदर डोळ्यांवर ओढून घेतला आणि अगदी सहज म्हणाली,

"उघड गं निवांत. म्या हिकडं तोंड करते."

सुगंधानं माझ्याकडं बघितलं, मी खाली बघितलं. शेवटी कुलूप उघडलं.

"लागली का?" तिनं पाठमोऱ्यानंच विचारलं.

"लागली, माय," सुगंधा म्हणाली. तिचा आवाज तिचा वाटत नव्हता.

मग सगळी दारं तशीच उघडली. किल्ली द्यायची, पाठ फिरवायची, कुलपाचा आवाज झाला, की वळून पहिलं पाऊल आत टाकायचं. आमच्यातल्या एकीलाही "माय, आमचं चुकलं" म्हणायचं सुचलं नाही. सुचलं असेल, पण म्हणवलं नाही. उलट प्रत्येकीनं गुळाचा खडा दरवर्षीपेक्षा मोठा दिला. तिनं तो प्रत्येक वेळी दोन्ही हातांनी घेतला.

ऊन उतरल्यावर, गिरणीवर कुणी नाही हे नेहमीसारखं बघून, म्हणजे ऐकून, ती रस्ता ओलांडून आली. हातात डबा नव्हता. पदरात सगळा गूळ बांधलेला होता. तिनं ओट्यावर पदर सोडला आणि एकेक खडा चाचपून माझ्यापुढं ठेवला. पूर्वी मुठीतलं पीठ ठेवायची तसा.

"ह्यो घे. माझा न्हाई."

"माय, असं काय करतेस..."

"किल्ल्या तू सांबाळल्यास, गूळ तुजा. मला घ्यायची लाज वाटती गं." आवाजात राग नव्हता, रुसवा नव्हता. खरंच लाज वाटत होती तिला. मग माझ्या हाताला हात लावून म्हणाली, "सुगंधीला बोलू नको काय. लई लाजली बिचारी."

पुढच्याच आठवड्यात तिनं स्वतः भीमाला बोलावून घेतलं आणि चाकणला गेली. जाताना मी गिरणी चालू ठेवली, बाहेर आले नाही. म्हणून माझ्या डोळ्यांपुढं तिची शेवटची आठवण ती गुळाच्या दिवसाचीच आहे. रस्ता ओलांडून ती परत निघाली, एक पाय पुढं टाकून जमीन चाचपत. कमरेला काही वाजत नव्हतं. अंगणापाशी पोचल्यावर ती थांबली आणि मागं वळून म्हणाली, "जवारी निवडून ठिवली हाय. सकाळी डबा आनू का?"

"आण," मी म्हणाले.